तिसऱ्या सीडीतली पोरगी

जलालभाऊंवर मी जेवढी चिडले तेवढी जगात दुसऱ्या कुणावर चिडले नाही. नवरा, सासू, दोन्ही नणंदा, सगळे मिळूनसुद्धा मागे पडतील. आणि तरी त्यांच्याबद्दल लिहायला बसले आहे, कारण न लिहिता राहवत नाही.

गोंडपिपरीत बसस्टँडसमोर जलालुद्दीन घड्याळवाल्यांचं दुकान होतं. पाटीवर वरच्या ओळीत 'घड्याळ रिपेअरिंग' आणि खाली, नंतर वेगळ्या रंगात रंगवलेलं, 'झेरॉक्स, डीटीपी, लॅमिनेशन'. वरची ओळ त्यांची होती, खालची माझी. २००४ साली त्यांनी कॉम्प्युटर घेतला आणि चालवायला मला ठेवलं. मी लग्नपत्रिका, अर्ज, ग्रामपंचायतीचे ठराव टाईप करायची. माझ्या हातून चूक होत नसे आणि दुसऱ्याच्या हातून झालेली मला सहन होत नसे. म्हणून ते मला 'मास्तरीण' म्हणायचे. मला ते आवडायचं, पण त्यांना कधी कळू दिलं नाही.

पन्नाशीचा माणूस. डोळ्याला भिंग लावून लावून डाव्या डोळ्याभोवती कायमचं वर्तुळ पडलेलं. त्यांची एक सवय माझ्या डोक्यात जायची. वस्तू हातात आली की तिच्यावर चिकटपट्टी. दवाखान्यात मिळते ती पांढरी, कापडी. दुरुस्तीला आलेल्या घड्याळाच्या पाठीवर पट्टी आणि पट्टीवर गाव: धाबा, तोहोगाव, विठ्ठलवाडा. गिऱ्हाइकाचं नाव कधीच नाही. "नाव विसरते मानूस, गाव नाई विसरत," म्हणायचे. टेबलाच्या खणात अकरा घड्याळं अशी होती, की त्यांचे मालक परत आलेच नव्हते. दर शुक्रवारी नमाजला जायच्या आधी जलालभाऊ त्या अकराही घड्याळांना चावी द्यायचे.

"कशाला भाऊ? येणार आहे का कुणी?" मी एकदा विचारलं.

"चालू करून देतो म्हनलं होतं ना मी. आला मानूस, तं बंद घड्याळ कसं देऊ त्याले?"

पुढचा सगळा ताप या दोन सवयींमुळे झाला. एक पट्टी लावायची, आणि दुसरी दिलेला शब्द धरून बसायची.

शब्द दिला त्याची गोष्ट माझ्या आधीची, पण ती मी इतक्यांदा ऐकली आहे की मी तिथे होते असंच वाटतं. १९९९ साली त्यांच्या मेहुण्याने, अजीमने, दुबईहून एक करड्या रंगाचा जपानी डबा आणला. टीव्हीला जोडायचा, सीडी घालायची, हातातल्या बटणांनी गेम खेळायचा. सोबत एकच गेम होता, पण तो चार सीड्यांचा. एक संपली की गेम स्वतःच पुढची मागायचा. दुसऱ्या कुणी तो डबा घरच्या पोरांना दिला असता. जलालभाऊंनी टीव्ही, डबा आणि भाड्याचा जनरेटर ट्रॅक्स जीपमध्ये घातला आणि आठवडी बाजारांना निघाले. ताडपत्रीच्या तंबूत, भर दुपारी, खेळ.

आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत धान निघालं की नाटकांचा हंगाम लागतो. लोकांना गोष्ट बघायची सवय आहे, आणि अर्धवट गोष्ट दाखवणाऱ्याचा मंडप ते धड ठेवत नाहीत. जलालभाऊंनी गेमचंच नाटक केलं. बटणं दाबायला वारलू होता. हा एटापल्लीजवळच्या गावातला माडिया आदिवासी पोरगा, सामान उचलायला म्हणून आला आणि चार दिवसांत बटणांवर असा बसला की दुसऱ्याला हात लावू देईना. जलालभाऊ पडद्याशेजारी छडी घेऊन उभे राहायचे आणि मराठीत गोष्ट सांगायचे. वारलू खेळता खेळता तीच माडियात सांगायचा. पडद्यावर भराभर इंग्रजी यायचं. जलालभाऊंना रस्त्याच्या पाटीवर इंग्रजीत लिहिलेलं गाव अक्षरं जोडून वाचता येई, त्यापलीकडे इंग्रजी शून्य. गोष्ट ते चित्रं बघून मनाने रचत होते.

गेममध्ये एक तलवारवाला होता. त्याच्याबरोबर कंदील घेऊन चालणारी, गळ्यात लाल रुमाल बांधलेली एक पोरगी होती. जलालभाऊंनी तिचं नाव लाली ठेवलं. तलवारवाल्याकडे कुणी फारसं बघत नसे, सगळ्यांचा जीव लालीवर. चारही सीड्यांवर अर्थात पट्ट्या. ज्या बाजारात जी सीडी सुरू करायची त्या गावाचं नाव: पहिलीवर आलापल्ली, दुसरीवर अहेरी, तिसरीवर एटापल्ली, चौथीवर भामरागड. प्रत्येक बाजारात मागची गोष्ट तोंडी सांगायची आणि तिथून पुढे दाखवायची.

फेब्रुवारी २००० मध्ये, एटापल्लीच्या बाजारात, दुसरी सीडी संपली. लोखंडी टोप्यांचे शिपाई आले, लालीने एकदा मागे वळून पाहिलं, त्यांच्याबरोबर पूल ओलांडला आणि पलीकडचा दरवाजा बंद झाला. गेमने तिसरी सीडी मागितली. जलालभाऊंनी ती घातली आणि डब्याचं भिंग गेलं. डब्याच्या आत एक भिंग असतं, त्यातून तो सीडी वाचतो. जन्मभर भिंग लावून दुसऱ्यांची घड्याळं जोडणाऱ्या माणसाला ते भिंग काही जोडता आलं नाही. तंबूत शंभरावर माणूस होता. जलालभाऊंनी हात जोडले. "लाली येईन परत. तिसऱ्या सीडीत येईन. पुढच्या बाजारले दाखवतो."

पुढचा बाजार सात वर्षांनी आला.

बाकीचे लोक विसरले. बुधरीबाई विसरली नाही. ही वारलूची आत्या. जलालभाऊ दर दोन महिन्यांनी एटापल्लीला दुरुस्त घड्याळं पोचवायला जायचे. बुधरीबाई बाजारात पानांच्या द्रोणात चारोळी घेऊन बसलेली असायची आणि एकच विचारायची. "लाली आली का?" जलालभाऊ म्हणायचे, "येईन ना बाई, तिसऱ्या सीडीत येईन." २००० च्याच उन्हाळ्यात तिची स्वतःची मुलगी इतवारी, सोळा वर्षांची, जंगलातल्या काही लोकांबरोबर घरून निघून गेली होती. आमच्या भागात अशा जाण्याबद्दल दुसरा प्रश्न कुणी विचारत नाही. इतवारीचा निरोप आला नाही, आणि काही बरंवाईट झालं असं सांगायलाही कुणी आलं नाही. बुधरीबाई इतवारीबद्दल कुणाला विचारू शकत नव्हती. लालीबद्दल विचारू शकत होती.

हे सगळं जलालभाऊंना ठाऊक होतं, म्हणून तर तो शब्द त्यांच्या घशात अडकला होता.

२००६ च्या दिवाळीत ते चंद्रपूरहून परत आले ते उड्या मारतच. तिथल्या नेट कॅफेत कुणीतरी त्यांना सांगितलं होतं की कॉम्प्युटरलाच त्या डब्याचं सोंग घ्यायला लावता येतं. तशा प्रोग्रामला एम्युलेटर म्हणतात. जलालभाऊंनी पहिल्या दिवसापासून त्याचं नाव 'नकल्या' ठेवलं, कारण तो डब्याची नक्कल करतो.

"मास्तरीण, हा नकल्या बसव. चार दिवसाचं काम हाये."

चार दिवस! त्या चार दिवसांची मी आजही वाट बघते आहे.

नकल्या बसवला, सुरू केला, पडदा काळा. दहा वेळा केलं, दहा वेळा काळा. वर इंग्रजीत एक ओळ. ती वाचून कळलं की त्याला जुन्या डब्याच्या पोटातली एक छोटी फाईल लागते, ती नसेल तर तो उठतच नाही. म्हणजे नक्कल करायची तर आधी मूळ माणसाची ओळख पाहिजे. जलालभाऊ ती फाईल आणायला पुन्हा चंद्रपूरला. परत आले ते रिकाम्या फ्लॉपीसह. दुसऱ्यांदा गेले. लग्नपत्रिकांचा मोसम, गिऱ्हाईक दारात, आणि मालक फाईल आणायला गावोगाव. माझं डोकं तिथूनच तापायला लागलं.

मग सीड्या. नकल्याला सीडी सरळ चालत नव्हती, अडखळत होती, म्हणून प्रत्येक सीडीची नक्कल कॉम्प्युटरमध्ये उतरवायची ठरली. पहिली आत घातली आणि ड्राइव्ह असा घुमायला लागला की टेबलावरचा चहा बशीत आला. आमचा ड्राइव्ह जोरात फिरणारा, जुना डबा सावकाश. आणि सीडीच्या एका अंगाला जलालभाऊंची कापडी पट्टी! एका बाजूला वजन जास्त झालं की ती डगमगणारच.

"भाऊ, त्या पट्ट्या काढा आधी," मी ओरडले.

हो, मीच म्हटलं. ते कबूल केलंच पाहिजे. त्यांनी सुरुवात चौथीपासून केली. नख लावलं आणि पट्टी ओढली. सात वर्षांची चिकटलेली पट्टी निघाली ती सीडीची चांदी घेऊन. या सीड्यांची चांदी वरच्या बाजूलाच असते, हे आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं. त्यांनी सीडी उजेडाला धरली. 'भामरागड' लिहिलेल्या पट्टीच्या आकाराची खिडकी तिच्यात पडली होती, आणि त्या खिडकीतून मला समोरचं बसस्टँड दिसत होतं.

मला रडू आलं. त्यांच्यावर राग, स्वतःवर त्याहून जास्त. शेवटची सीडी गेली म्हणजे गोष्टीचा शेवटच गेला. आता कितीही मरमर केली तरी नाटक अर्धंच राहणार.

"सोडा आता भाऊ," मी म्हटलं. "शेवट नाही तर दाखवायचं काय?"

"मी शेवट दाखवतो म्हनलंच नव्हतं," ते म्हणाले. "लाली तिसरीत येईन म्हनलं होतं. तिसरी हाये."

उरलेल्या तिघींच्या पट्ट्या मी काढू दिल्या नाहीत. ड्राइव्हचा वेग अगदी कमी करायची सोय शोधून काढली आणि सीड्या पट्ट्यांसकट बैलगाडीच्या चालीने उतरवल्या. पहिलीला एक दिवस. दुसरीला दोन. तिसरी त्रेसष्ट टक्क्यांवर येऊन थांबायची. पुसून घातली, थांबली. टूथपेस्ट चोळून धुतली, थांबली. ओरखडा जलालभाऊंनी भिंगातून तासभर पाहिला, आणि घड्याळाच्या काचेला लावायचं पॉलिश कापसावर घेऊन मधून कडेकडे, मधून कडेकडे असं दोन दिवस घासलं. मग ती शंभरला गेली. मी मान्य केलं नाही, पण त्या वेळी मला त्यांच्या हाताबद्दल आदर वाटला.

तो आदर दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत टिकला. सीडी उतरवली की दोन फायली होतात, एक मोठी आणि एक चिमुकली. चिमुकलीत मोठीचं नाव लिहिलेलं असतं, त्यावरून नकल्या मोठीला शोधतो. मी जेवायला घरी गेले तेवढ्यात जलालभाऊंनी एकेक अक्षर जोडत मोठ्या फायलींची नावं बदलून ठेवली. आलापल्ली, अहेरी, एटापल्ली. सवय! मी परत येऊन सुरू करते, तर काहीच सापडत नाही. दोन दिवस मी नकल्याची प्रत्येक सेटिंग उलटीसुलटी केली. सगळं काढून पुन्हा बसवलं. तिसऱ्या दिवशी सहज फायलींकडे नजर गेली.

"हे काय केलं तुम्ही?"

"नावं देल्ली. आता गडबड नाई होत."

मी काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्यांची बायको अख्तरीबाई जेवणाचा डबा घेऊन आली होती, ती दाराशीच थांबली. जलालभाऊ ऐकून घेत राहिले आणि शेवटी म्हणाले, "तं त्या लहानीत बी गावाचं नाव लिहून दे ना. इतकी काऊन तापून राह्यली?" आणि ते बरोबर होतं. चिमुकल्या फायली उघडून आत तीच नावं लिहिली आणि गेम चालू झाला. त्यांचं बरोबर निघालं याचा मला जास्तच राग आला.

पण गेम चालू झाला तो पहिल्यापासून. जुन्या डब्यातला खेळ डब्यातच राहिलेला. म्हणजे तिसऱ्या सीडीला पोचायचं तर पहिली आणि दुसरी पूर्ण पुन्हा खेळायची, साठ-सत्तर तास. हे काम वारलूचं. तो आता गोंडपिपरीतच लाकडाच्या डेपोवर होता, बायको-पोरं होती, तिशी उलटलेली. दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत यायचा, भाकर बांधूनच, आणि एका हाताने खात दुसऱ्याने बटणं दाबायचा. त्याला एक अक्षर वाचता येत नव्हतं, पण कुठल्या खोलीतून कुठे जायचं हे त्याला पाठ होतं. तोंडाने काही बोलायचा नाही. कधीतरी मात्र म्हणायचा, "आत्यानं विचारलं हाये. कव्हा येता म्हनते."

त्यात भारनियमन. दिवसाचे बारा-बारा तास वीज नाही, आणि जाताना सांगून जात नाही. हा गेम ठरावीक जागी पोचल्यावरच खेळ जपून ठेवू देतो. वारलू सुट्टीच्या दिवशी सकाळपासून बसून एका किल्ल्यातून बाहेर येणार, आणि खट्, वीज गेली. अख्खा दिवस पाण्यात. असं एकदा नाही, चार वेळा झालं. चौथ्यांदा मी वैतागून नकल्याच्या सगळ्या याद्या वाचायला बसले तर कळलं, एफ-वन दाबलं की खेळ जिथे आहे तिथेच जसाच्या तसा जपून ठेवता येतो. ती कळ पहिल्या दिवसापासून माझ्या बोटाखाली होती! मी, ऱ्हस्व-दीर्घासाठी लोकांच्या चुका काढणारी, दोन महिने ती कळ न वाचता बसले होते. वारलूने तो किल्ला पुन्हा सुरुवातीपासून खेळायला घेतला. तो काही म्हणाला असता तर बरं वाटलं असतं.

जानेवारीत पहिली सीडी संपली. पडद्यावर आलं, दुसरी घाला. मी नकल्या बंद केला, दुसरी निवडली, पुन्हा सुरू केला. पडद्यावर आलं, आधी पहिली घाला. पहिली घातली. ती अगदी सुरुवातीपासून. जपून ठेवलेला खेळ उघडला. पुन्हा, दुसरी घाला. पुन्हा बंद, पुन्हा दुसरी, पुन्हा 'आधी पहिली'. कार्यालयात नाही का एका टेबलावरून दुसऱ्या टेबलाकडे पाठवतात आणि दुसऱ्यावरून परत पहिल्याकडे? अगदी तसं. आठ दिवस. तिन्ही फायली एकत्र जोडता येतील का म्हणून मी एक प्रोग्राम आणवला, त्याने त्या बिघडवल्या, पुन्हा उतरवल्या. जलालभाऊ शेजारी भिंग लावून घड्याळात डोकं घालून बसलेले. मधूनच, "झालं का मास्तरीण?" मला त्यांच्या अंगावर कीबोर्ड फेकावासा वाटायचा.

नवव्या दिवशी वारलू माझ्या मागे उभा राहून बघत होता. मी नकल्या बंद करायला गेले तर त्याने माझा हात धरला. आयुष्यात पहिल्यांदा.

"बाई, बंद नाई कराचं."

"मग सीडी कशी बदलू?"

"डब्याचं आमी झाकन उघडत होतो. डबा चालूच ठेवाचा. झाकन उघडलं, सीडी बदलली, झाकन लावलं. बंद केलं तं त्याले आठवतच नाई ना आपन कुठी होतो ते."

मी नकल्याची यादी पुन्हा वाचली. 'फाईल' खाली, तिसऱ्या ओळीत, स्वच्छ लिहिलं होतं: सीडी बदला. मी ती ओळ शंभरदा पाहिली होती. चालू खेळात ती दाबली, दुसरी निवडली, आणि गेम काहीच न झाल्यासारखा पुढे चालू लागला. वाचता येणाऱ्या माणसाला जे दिसलं नाही ते न वाचणाऱ्याने झाकण उघडून दाखवलं. मी त्या दिवशी दुकान लवकर बंद करून घरी गेले.

मार्चअखेर दुसरी सीडी संपत आली. लाली पुलाशी पोचली आणि मी एफ-वन दाबलं. माझं म्हणणं, तिसरी इथेच घालून बघू. चालली तर घेऊन जाऊ. जलालभाऊ ऐकेनात.

"पडदा उघडाच्या आंधी आपनच नाटक पाहू काय? एटापल्लीची सीडी हाये ते. एटापल्लीतच लागन."

"आणि नाही लागली तर?"

"तं तिथीच सांगू, नाई लागली म्हनून."

मी सोबत जायचं नाही असं ठरवलं. आणि गेले. कॉम्प्युटर अख्तरीबाईंच्या गोधडीत बांधून ट्रॅक्सच्या मधल्या सीटवर ठेवला, वारलूने तो मांडीला टेकवून धरला. आलापल्लीनंतर जंगल दाट झालं. एका वळणावर रस्त्याच्या कडेला उभे दगड दिसले, पुरुषभर उंचीचे, ओळीने. मी विचारलं तर वारलू म्हणाला, "आमचे मेलेले लोक." माडिया लोक आपल्या गेलेल्या माणसासाठी असा दगड उभा करतात. ते मी पहिल्यांदाच पाहिलं.

बाजारात जलालभाऊंच्या ओळखीच्या कापडवाल्याचं टिनाचं शेड होतं. तीन बाजूंनी ताडपत्री, मागे जनरेटर. शंभर नाही, तीस-पस्तीस माणसं. त्यातल्या निम्म्यांनी तो जुना खेळ पाहिलाही नसेल. बुधरीबाई अगदी पुढे, मोहफुलांची टोपली शेजारी ठेवून. बारीक चणीची, सरळ बसणारी बाई. मी तिला पहिल्यांदाच बघत होते.

जलालभाऊंनी छडी घेऊन मागची सगळी गोष्ट सांगितली. वारलूने माडियात. मग खेळ सुरू केला. शिपाई आले, लालीने मागे पाहिलं, पूल ओलांडला, दरवाजा बंद. तिसरी सीडी घाला. मी यादी उघडली, 'सीडी बदला' दाबलं, एटापल्ली निवडली. पडदा काळा झाला. मी मनात म्हटलं, झालं, संपलं. आणि चित्र आलं.

पुलाच्या पलीकडची बाजू. मोकळं माळरान. मधोमध एक उंच उभा दगड, त्याला बांधलेला लाल रुमाल, पायथ्याशी विझलेला कंदील. तलवारवाला गुडघ्यावर बसला आणि खाली एक ओळ उमटली.

"काय लिहिलं, मास्तरीण?" जलालभाऊंनी न वळता, हळूच विचारलं.

"आपल्याला उशीर झाला. ती इथेच निजली आहे. कायमची."

त्यांनी छडी वर केली. "तं लालीनं इथी निशानी म्हनून रुमाल बांधला," ते मोठ्याने म्हणाले, "आन् गेली समोर. समोर भेटन आपल्याले."

वारलूने हे माडियात सांगायचं होतं. तो पडद्याकडे बघत राहिला, बोललाच नाही.

बुधरीबाई उठली. पडद्याशी आली आणि काचेवर, त्या दगडावर, बोट ठेवलं. तिला मोडकी मराठी येत होती. "हा कोनाचा दगड?"

"रस्त्याचा हाये बाई. मैलाचा."

"मैलाचा मी पाह्यला. हा मानसाचा दगड हाये." ती त्यांच्याकडे वळली. आवाज चढलेला नव्हता. "सात साल तू येईन येईन म्हनतं. सारेच म्हनते. हा वारलू म्हनते. येईन म्हनते. मेली म्हनून कोनी सांगत नाई. आता तू तरी सांग."

मला जलालभाऊंचा भयंकर राग आला होता, त्या खोटेपणाचा, इतक्या महिन्यांच्या तापाचा, सगळ्याचा. आणि त्याच वेळी वाटत होतं की यांनी पुन्हा एकदा खोटं बोलावं.

त्यांनी छडी टेबलावर ठेवली. "मेली बाई," ते म्हणाले. "पोरगी मेली. मास्तरीनीनं वाचलं. आपल्याले उशीर झाला, असं लिहिलं हाये."

बुधरीबाईने मान हलवली. "दगड कोनं उभा केला?"

"तिच्या संगच्या लोकायनं."

"चांगलं केलं," ती म्हणाली आणि आपल्या जागी जाऊन बसली. डोळे कोरडे होते. माझे नव्हते.

वारलूने पुढे तासभर खेळ दाखवला. लोक बघत होते, मधूनच हसतही होते. बुधरीबाई उठली तेव्हा टोपलीतली दोन ओंजळी मोहफुलं माझ्या ओढणीत घातली, जलालभाऊंकडे बघून हात जोडले आणि गेली. परतीच्या वाटेवर आष्टी आल्यावर जलालभाऊ म्हणाले, "चवथी सीडी गेली तेच बरं झालं."

"बरं काय त्यात? अर्धवटच राहिलं ना सगळं," मी म्हटलं. मला अजूनही ते पटलेलं नाही.

मे महिन्यात वारलूने डेपोवरून आठ दिवसांची सुट्टी घेतली. दुकानात सांगायला आला. "आत्या दगड उभा करून राह्यली. इतवारीचा."

"काही कळलं का इतवारीचं?" मी विचारलं.

"नाई. आत्या म्हनते, आता वाट पाहून झाली."

जलालभाऊ उठले. शेजारच्या कापडाच्या दुकानातून एक लाल रुमाल घेऊन आले, घडी करून खिशात घातला. मी कामाला लागल्यापासून सलग दोन दिवस दुकान न सोडलेला माणूस मला खणाची किल्ली देऊन वारलूबरोबर बसमध्ये चढला.

आठव्या दिवशी परत आले. "झालं का सगळं?" मी विचारलं.

"झालं. रुमाल बांधला," ते म्हणाले. मग हात धुऊन टेबलाशी बसले, खण उघडला आणि एकेक घड्याळ कानाला लावून पाहिलं. अकराही चालू होती. आदल्या दिवशी, शुक्रवारी, मी चावी दिली होती.